विहिरीजवळचे घर

धक्क्याला बोट लागली की हायड्रा बेटावर सामान न्यायला पुढे येतात ती खेचरे. या ग्रीक बेटावर मोटारींना बंदी आहे. त्यामुळे सिमेंटच्या गोण्या असोत की प्रवाशांच्या बॅगा, सारे काही खोगिरावर दोरीने आवळून फरसबंदी पायऱ्यांवरून असेच वर चढते.

१९५५ साली जॉर्ज जॉन्स्टन आणि चार्मियन क्लिफ्ट हे ऑस्ट्रेलियन लेखक दांपत्य आपल्या दोन मुलांसह येथे राहायला आले. लंडनमधील वृत्तपत्राची नोकरी सोडून केवळ लेखनावर गुजराण करायची, तर कमी खर्चात भागेल अशी जागा हवी होती. निळ्या समुद्राची प्रेरणा वगैरे गोष्टी त्यानंतरच्या. पुढच्याच वर्षी त्यांनी विहिरीजवळचे घर विकत घेतले. आत चित्रण करता आले नाही, म्हणून हे दारच पाहावे. या दाराआड घराची डागडुजी, स्वयंपाक आणि त्याच वर्षी जन्मलेले तिसरे मूल सांभाळत चार्मियन यांनी बेटावरच्या पहिल्या वर्षाची हकीकत लिहिली. ती १९५९ मध्ये ‘पील मी अ लोटस’ या नावाने प्रसिद्ध झाली.

ही छायाचित्रे १९६० ची, ‘लाइफ’ साप्ताहिकासाठी जेम्स बर्क यांनी टिपलेली. झाडाखाली गिटार वाजवणारे तरुण म्हणजे कॅनडाचे कवी लेनर्ड कोहेन. त्या वसंतात ते बेटावर आले तेव्हा जॉन्स्टन दांपत्याने त्यांना आसरा दिला, आणि वर्ष सरण्याआधी त्यांनी १५०० डॉलरला स्वतःचे घर घेतले. बहुतेकांची नजर गिटारकडेच जाते. त्यांच्या खांद्याला टेकून बसलेल्या चार्मियन यांच्याकडेही जरा पाहावे.

कारण जॉर्ज क्षयाने खंगत असताना आपल्या बालपणावर ‘माय ब्रदर जॅक’ ही कादंबरी लिहू लागले, तेव्हा त्यांच्या टेबलाजवळच्या पायरीवर बसून, लिहिलेले ऐकत, आठवणींना उजाळा देत त्यांना लिहिते ठेवले ते चार्मियन यांनी, आणि तेही स्वतःचे लेखन बाजूला ठेवून. १९६४ मध्ये कादंबरी प्रसिद्ध झाली, तिला ऑस्ट्रेलियातील मानाचा माइल्स फ्रँकलिन पुरस्कार मिळाला, आणि त्याच वर्षी कुटुंब मायदेशी परतले. १९६९ मध्ये चार्मियन यांनी आत्महत्या केली. पुढच्याच वर्षी जॉर्जही गेले.

समुद्राकडे तोंड केलेले हे दगडी बाक कोहेन यांच्या स्मरणार्थ २०१७ साली बसवले आहे. पर्यटक पत्ता विचारतात तोही बहुधा त्यांच्याच घराचा. विहीर तेथून फार दूर नाही.