थकबाकीचं वय

(पुण्यात ज्येष्ठ नागरिकांसमोर झालेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मार्च लागला की पुण्यात एखाद्या दुकानासमोर अचानक बँड सुरू होतो. वरात नसते. महापालिकेच्या करआकारणी खात्याचे लोक मिळकतकर थकवणाऱ्याच्या दारात वाजंत्री घेऊन आलेले असतात. आजूबाजूचे मोबाईल काढतात, दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो येतो. आपल्याला वाटतं, हा खास पुणेरी इरसालपणा. पण याचा पूर्वज कायद्यातच सापडतो. 1879 च्या मुंबई जमीन महसूल कायद्यात लिलावाची जाहीर सूचना दवंडी पिटून द्यावी असं लिहून ठेवलं होतं: तालुक्याच्या ठिकाणी आणि शिवाय त्या गावात. चारचौघांत नाव निघालं की माणूस पैसे काढतो, हे इंग्रजाला आपल्याकडे आल्यावर लवकर कळलं होतं.

मी महसूल खात्यात नोकरी केली, त्यामुळे वसुली हा माझ्या पोटापाण्याचा विषय. आज मला एकच गोष्ट सांगायची आहे. सरकारी थकबाकी किती आहे याला लोक घाबरतात. खरं तर तिचं वय किती झालंय ते आधी बघायला हवं.

आधी सरकारचा हात किती लांब आहे ते बघू. तुम्ही मला हातउसने दिलेले पैसे मी बुडवले, तर तुम्हाला दावा लावावा लागेल, हुकूमनामा मिळवावा लागेल, मग दरखास्त. तोवर आपल्यापैकी कोण असेल कोण नसेल. सरकारला यातलं काही करावं लागत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966, कलम 176 उघडा. लेखी मागणीची नोटीस, जमिनीचा भोगवटा सरकारजमा करणं, जंगम मालाची जप्ती आणि विक्री, स्थावराची जप्ती आणि विक्री, शेवटी अटक. धनको सरकार, हिशेब सरकारचा, जप्तीही सरकारचीच. शेतसाऱ्यासाठी तयार झालेलं हे हत्यार पुढे इतर कायद्यांनी भराभर उसनं घेतलं. ‘जमीन महसुलाची थकबाकी असल्याप्रमाणे वसूल करता येईल’ एवढं एक वाक्य कायद्यात घातलं की काम झालं. वाळू चोरल्याचा दंड असो की ‘महारेरा’नं बिल्डरला भरायला सांगितलेली नुकसानभरपाई, जमिनीशी सुतराम संबंध नसलेलं येणंही अखेर तहसीलदाराच्या टेबलावर येतं.

यातलं आपल्या शहराशी जोडलेलं उदाहरण म्हणजे शिवाजीनगरचं साखर संकुल, म्हणजे साखर आयुक्तांचं कार्यालय. ऊस गाळपाला गेला की 14 दिवसांत शेतकऱ्याला एफआरपी, म्हणजे उसाचा सरकारनं ठरवलेला किमान दर, मिळायला हवी, उशीर झाला तर वर्षाला 15 टक्के व्याज. हे 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशात आहे. कारखान्यानं पैसे थकवले की साखर आयुक्त जिल्हाधिकाऱ्यांकडे वसुलीचा दाखला पाठवतात. त्यालाच सगळे ‘आरआरसी निघाली’ म्हणतात. बातमी छापून येते, शेतकऱ्याला वाटतं आता पैसे आले. आता तहसीलदाराच्या जागी उभे राहून बघा. तो पंच घेऊन गोदामात जातो. समोर पोत्यांच्या थप्प्या. पंचनामा लिहायला घेतला की कारखान्याचा माणूस शांतपणे एक कागद पुढे करतो: ही साखर बँकेकडे मालतारण आहे. गोदामाला बँकेचं कुलूप, किल्ली बँकेच्या माणसाकडे. मग पत्रव्यवहार सुरू, मग बैठक, मग कुणीतरी कोर्टात. इथे पैसे सरकारचे नाहीत, शेतकऱ्याचे आहेत, सरकारनं फक्त हात दिलाय. तरी तो हात गोदामाच्या दारात अडतो.

उलट, सर्वांत कमी गाजावाजा होणारी गोष्ट सर्वांत जास्त चालते. सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यात बोजा चढवणं. तलाठ्यानं (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं) एक फेरफार घातला की झालं. जप्तीची गाडी लागत नाही, पोलीस बंदोबस्त लागत नाही. मालक जमीन विकायला निघतो, गिऱ्हाईक सातबारा बघतं आणि उठून जातं. दुसऱ्या दिवशी मालक चलन भरायला हजर. बँडपेक्षा माझा भरवसा त्या एका ओळीवर जास्त.

लिलावाला माणूसच आला नाही तर? हातची किंमत, म्हणजे बोलीची किमान रक्कम, ठरवून पुकारा करायचा आणि गावातलं कुणी बोली बोलायचं नाही, हे खेड्यात सर्रास. भाऊबंदाच्या जमिनीवर बोली लावून गावात राहायचं कसं? अशा वेळी सरकारनं नाममात्र एक रुपया बोलून जमीन आपल्याकडे घ्यायची, अशी तरतूद आहे. या ‘आकारी पड’ जमिनी. कित्येकदा मूळ थकबाकी अगदी किरकोळ असे. कसत शेतकरीच राहिला आणि सातबाऱ्यावर नाव सरकारचं. जानेवारी 2025 मध्ये मंत्रिमंडळानं बाजारमूल्याच्या 5 टक्के रक्कम भरून त्या मूळ खातेदारांना किंवा वारसांना परत देण्याचा निर्णय घेतला. तोवर कित्येक ठिकाणी आजोबांची बाकी नातवापर्यंत आली होती.

आता वयाकडे येऊ. आपल्या मिळकतकरावर दरमहा 2 टक्के शास्ती लागते. सरळ हिशेबानं 50 महिन्यांत शास्ती मुद्दलाएवढी होते. मोबाईल टॉवरची बाकी घ्या. टॉवरवर कर लागतो की नाही हा वाद डिसेंबर 2016 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं कर लागतो असा सोडवला. पण तोवरची वर्षं आणि नंतरचे आकारणीचे वाद यांत आकडा फुगतच राहिला. महापालिकेची थकबाकी इतके हजार कोटी, अशी बातमी तुम्ही वाचता तेव्हा त्यात मुद्दल किती, शास्ती किती, कोर्टात अडकलेलं किती, हे विचारा. एकाच मिळकतीची दोनदा झालेली नोंदही त्यात असते. हातात येण्याजोगी बाकी फार थोडी निघते.

आणि बाकी म्हातारी झाली की अभय योजना येते. विक्रीकराच्या बाबतीत राज्यानं 2022 च्या योजनेत एका वर्षाची 10 हजारांपर्यंतची बाकी पूर्ण सोडून दिली. 2023 च्या योजनेत ही मर्यादा 2 लाखांवर गेली. केंद्रानं 2024 च्या अर्थसंकल्पात प्राप्तिकराच्या जुन्या किरकोळ मागण्या काढून टाकल्या, त्यातल्या काही 1962 पासूनच्या होत्या. यात मला गैर वाटत नाही. तेवढ्या रकमेसाठी नोटीस पाठवणं, फाइल सांभाळणं, माणूस नेमणं यालाच जास्त खर्च येतो. पण मिळकतकराच्या शास्तीत वारंवार 75-80 टक्के सूट द्यायची आणि मग लोक वेळेवर भरत नाहीत म्हणायचं, हे मला पटत नाही. मे महिन्यात रांगेत उभा राहून भरणारा मूर्ख ठरतो.

अटकेबद्दल नेहमी विचारतात. होय, संहितेत तरतूद आहे. थकबाकीदाराला तहसील किंवा जिल्हाधिकारी कार्यालयात 10 दिवस ठेवता येतं, पुढे दिवाणी तुरुंग. प्रत्यक्षात हे फार कमी वापरतात. खरोखरच ऐपत नसलेल्याला केवळ कर्जापायी तुरुंगात टाकू नये, असं सर्वोच्च न्यायालयानं 1980 मध्ये बँकेच्या एका प्रकरणात म्हटलेलंच आहे. जप्तीलाही मर्यादा आहे. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची हत्यारं, शेतकऱ्याची अवजारं आणि बैल, आणि मंगळसूत्रासारखे धर्मानं न उतरवायचे दागिने यांना हात लावता येत नाही. जप्तीला आलेला माणूस हे स्वतःहून सांगेलच असं नाही.

तुमच्यातल्या अनेकांची मुलं अमेरिकेत आहेत, म्हणून तिथलंही सांगतो. तिथे संघराज्य सरकारचं येणं 120 दिवस थकलं की ते ट्रेझरीकडे, म्हणजे तिथल्या अर्थखात्याकडे, जातं, आणि तुमचा करपरतावा किंवा सरकारकडून येणारी दुसरी रक्कम मधल्यामध्ये वळती होते. सोशल सिक्युरिटीच्या पेन्शनलाही हात लागतो, पण महिन्याचे पहिले 750 डॉलर सोडून. ना ढोल, ना पंचनामा, आणि बाकी पाच महिन्यांचीही झालेली नसते. आपल्याकडे प्राप्तिकर खातं परताव्यातून जुनी मागणी वळती करतं. बाकीच्या खात्यांना एकमेकांच्या वह्या दिसत नाहीत.

मघाशी एका काकांनी चिठ्ठी पाठवली: बँकेच्या लिलावात फ्लॅट घ्यावा का, नंतर सरकार मागे लागेल का? काका, बँकेचं तारण सरसाईत (तारणांच्या केंद्रीय नोंदवहीत) नोंदलेलं असेल तर विक्रीकरासारख्या येण्याआधी बँकेचा हक्क, असं मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं 2022 मध्ये सांगितलंय. पण महापालिकेचा मिळकतकर, सोसायटीची बाकी आणि वीजबिल यांचं झेंगट वेगळं. लिलावाच्या जाहिरातीत ‘जसं आहे तसं’ असं बारीक अक्षरात असतं. बोली लावण्याआधी या तिन्ही ठिकाणी जाऊन बाकीचा आकडा लेखी घ्या, तोंडी नको, आणि तो किमतीत धरूनच बोली लावा.