तीच इमारत पुन्हा पुन्हा कोसळते तेव्हा

नमस्कार. ११ सप्टेंबर २००१ रोजी न्यूयॉर्कमधील जुळे मनोरे कोसळतानाची दृश्ये टीव्हीवर दिवसभर दाखवली जात होती, आणि ती पाहणाऱ्या काही लहानग्यांची अशी समजूत झाली की दर वेळी नवे विमान नव्या इमारतीवर आदळत आहे. त्याआधी, १९९५ च्या ओक्लाहोमा सिटीतील बॉम्बस्फोटानंतरही, ज्या मुलांनी बातम्या अधिक पाहिल्या त्यांच्यात मानसिक आघाताची लक्षणे अधिक आढळली होती. म्हणून देशावर असा प्रसंग ओढवतो तेव्हा मूल खोलीत असताना टीव्ही बंद ठेवावा, आणि मगच बोलायला बसावे.

बोलायला बसल्यावरही आपण आधी सांगू नये, विचारावे: "तू काय ऐकलंस?" मुलाने ऐकलेले अर्धवट असते, आणि उरलेले अर्धे त्याने स्वतःच्या भीतीतून भरलेले असते. "ते लोक कुठे राहत होते?" असे चार वर्षांचे मूल विचारते, तेव्हा बहुधा त्याला पत्ता नको असतो, ते ठिकाण आपल्या घरापासून किती जवळ आहे, आणि आई संध्याकाळी परत येईल ना, एवढेच त्याला जाणून घ्यायचे असते.

मृत्यूबद्दल बोलताना मात्र आपली जीभ अडखळते. "ते झोपी गेले" हे वाक्य आपण मायेने उच्चारतो, पण शब्द जसाच्या तसा घेणारे मूल त्या रात्री डोळे मिटायला घाबरू शकते. साधारण पाच वर्षांखालील अनेक मुलांना मेलेला माणूस परत येईल असे वाटते, त्यामुळे "त्यांचं शरीर काम करायचं थांबलं, आणि ते पुन्हा सुरू होत नाही" हे कठोर वाटणारे वाक्यच मला अधिक दयाळू वाटते. कोणी मुद्दाम हल्ला केला असेल, तर "ज्या माणसांनी हे केलं, त्यांनी" इतकेच म्हणावे. एखाद्या समाजाचे नाव मुलाच्या मनात भीतीशी जोडले गेले की ते सुटता सुटत नाही.

"असं पुन्हा कधीच होणार नाही" हे वचन देऊ नये. "तुला सांभाळायला आम्ही आहोत, आणि जखमींना डॉक्टर मदत करत आहेत" हे खरे आहे, तेच सांगावे.

पुढचे काही दिवस मूल ठोकळ्यांची इमारत रचून पाडत बसेल, अंथरूण ओले करेल, तोच प्रश्न दहादा विचारेल. खेळ थांबवू नये, रागावू नये. महिनाभरानंतरही झोप आणि खाणे बिघडलेलेच राहिले, तर बालमानसतज्ज्ञांना भेटावे. आणि अकराव्यांदा तोच प्रश्न आला, तर त्याच शब्दांत, तितक्याच शांतपणे उत्तर द्यावे.