आंबो गेलो, पैसे खंय?

(दृश्य: देवगड. सकाळ. कलमावर चढलेला गडी, हातात झेला. खाली पेंढ्यावर उतरवलेला हापूस.)

मार्च सरत आलाय. पहिला आंबा उतरतोय. याच बागेतून गेल्या हंगामात ज्या पेट्या मुंबईला गेल्या, त्यांतला आंबा केव्हाच खाऊन झाला. त्याचे पैसे मात्र अजून एका प्लास्टिकच्या पिशवीत आहेत.

(दृश्य: ओटी. पिशवीतून निघणारे कागद.)

२ लाख १० हजारांच्या चेकची झेरॉक्स. मूळ चेक कोर्टात. सोबत बँकेचा मेमो, 'खात्यात पुरेशी रक्कम नाही'. बागायतदार म्हणाले, नाव नको, केस चालू आहे. व्यापारी आठ वर्षांच्या ओळखीचा. मोहोर बघून थोडी उचल, बाकी हंगाम संपल्यावर. सगळं तोंडी.

तरी केस उभी राहिली, ती सहीमुळे. चेकवरची सही आपलीच, असं एकदा ठरलं की तो देणं फेडायलाच दिला होता असं कायदा धरून चालतो. तसं नव्हतं, हे पटवायचं काम चेक देणाऱ्याचं. 'तो तर मी कोरा, तारण म्हणून दिला होता' हा बचाव प्रत्येक कोर्टात ऐकू येतो. पण नुसता चेक कोरा होता म्हणून सुटका नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितलं आहे.

कायदा १८८१ चा, चलनक्षम दस्तऐवजांचा, म्हणजे चेक-हुंडीसारख्या कागदांचा. चेक न वटणं हा गुन्हा ठरला १ एप्रिल १९८९ पासून, कलम १३८ मुळे. शिक्षा २ वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही. म्हणून वकील म्हणतात, 'एकशे अडतीस टाकू.'

(दृश्य: भिंतीवरचं कॅलेंडर. जून. ४ तारखेभोवती पेनाचं वर्तुळ.)

सगळा खेळ या कॅलेंडरवर. ४ जूनला मेमो हाती आला. तिथून ३० दिवसांत नोटीस. नोटीस पोचल्यावर समोरच्याला पैसे द्यायला १५ दिवस. तेही गेले, की पुढच्या एका महिन्यात तक्रार. तक्रारीला उशीर झालाच तर कोर्टाला सबळ कारण द्यावं लागतं. आणि नोटिशीत आकडा चेकचाच हवा. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात एक प्रकरण गेलं: चेक १ कोटीचा, नोटिशीत पडले २ कोटी. टायपिंगची चूक, म्हणाले. केस गेली.

आमच्या बागायतदारांचा लिफाफा परत आला. वर पोस्टमनचा शेरा, 'घेण्यास नकार'. ते घाबरले. वकील हसले. पत्ता बरोबर असेल तर नकार म्हणजे नोटीस पोचलीच.

(दृश्य: एसटी स्टँड. रात्रीची मुंबई गाडी.)

२०१४ साल असतं, तर मात्र या गाडीत बसावं लागलं असतं. त्या वर्षी दशरथ राठोड प्रकरणात निकाल लागला, की चेक ज्या बँकेवर काढला तिथल्याच कोर्टात तक्रार करायची. म्हणजे आंबा पाठवायचा देवगडातून आणि प्रत्येक तारखेला उठून जायचं मुंबईला! २०१५ च्या दुरुस्तीने ते फिरवलं. आता चेक ज्या खात्यात भरला, त्या शाखेच्या हद्दीतलं कोर्ट. कोकणातल्या माणसाला या कायद्याने दिलेली ही सगळ्यात मोठी सवलत, असं आम्हाला वाटतं.

(दृश्य: कोर्टाचा व्हरांडा. बाकावर माणसं.)

तक्रार दाखल झाल्यापासून ६ महिन्यांत खटला संपवायचा प्रयत्न व्हावा, असं कायद्यातच लिहिलंय. इथे आठवा महिना सरला. आरोपीने गुन्हा नाकारल्यावर चेकच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम, म्हणजे निकालाआधीची, भरपाई मागता येते, इथे ४२ हजार. पण ती द्यायची की नाही, हे न्यायाधीशांच्या हाती. अर्ज केलाय.

गेल्या तारखेला याच व्हरांड्यात व्यापाऱ्याचा माणूस जवळ आला. सव्वा लाख घ्या, मिटवून टाका. कायद्याला त्याची हरकत नाही, चेकची केस कोणत्याही टप्प्यावर तडजोडीने मिटते. बागायतदारांनी खतवाल्याची उधारी मनात मोजली, गड्यांची मजुरी मोजली आणि म्हणाले, "बघतंय."

(दृश्य: पुन्हा बाग. पेटीत गवत घालणारे हात.)

पुढची तारीख १५ एप्रिल. ऐन तोडणीत. त्या दिवशी बागेत कोण थांबणार, हे अजून ठरलेलं नाही.