बैकुंठपूरजवळची नसलेली वेधशाळा

काळाचा नकाशा काढणारी संस्था म्हटली की तुमच्या डोळ्यांसमोर जयपूर येणार. सवाई जयसिंहाचे जंतरमंतर, २७ मीटर उंचीचे सम्राट यंत्र, दगडावर सरकणारी सावली. ते बघायलाच हवे. पण मी आज ज्या वेधशाळेबद्दल बोलणार आहे, ती कोणी बांधलेलीच नाही. पत्ता मात्र सरकारी अहवालात छापून आला आहे: पूर्व रेखांश ८२ अंश ३० कला, उत्तर अक्षांश २३ अंश ११ कला. नकाशावर बोट ठेवलेत तर ते छत्तीसगडातल्या बैकुंठपूरच्या आसपास पडेल. तिथे जाऊन काही दिसणार नाही. तरी राष्ट्रीय पंचांगाचे गणित करायचे ते या बिंदूवरून, असे ठरले.

बिंदू आला कुठून, ते गमतीचे आहे. रेखांश घेतला भारतीय प्रमाणवेळेचा, म्हणजे १९०६ साली इंग्रजी अमलात ठरलेला. अक्षांश घेतला उज्जैनचा, कारण आपल्या सिद्धान्तग्रंथांची मध्यरेषा लंकेहून उज्जैनवरून जाते. दोन घराण्यांची सोयरीक जुळवावी तसा हा प्रकार. मला तो फार आवडतो, कारण त्यात कोणाच्याही गावाचा सूर्योदय श्रेष्ठ ठरत नाही. पुण्याचाही नाही, काशीचाही नाही.

ही सोयरीक जुळवली पंचांग सुधारणा समितीने. १९५२ साली ती नेमली गेली, अध्यक्ष मेघनाद साहा. तेच साहा, ताऱ्यांच्या वर्णपटाचे कोडे सोडवणारे. सदस्यांत आपले दोघे होते: नागपूरचे के. ल. दप्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर. अहवाल १९५५ साली आला. देशात तीसएक वेगवेगळ्या कालगणना चालतात, याचा उल्लेख नेहरूंनी त्याच्या प्रास्ताविकात केला आहे.

आता मुख्य दुखणे काय, ते सांगतो. ऋतू ठरतात वसंतसंपातावरून, म्हणजे मार्चमध्ये दिवस-रात्र समान होताना सूर्य आकाशात जिथे असतो त्या बिंदूवरून, आणि हा संपात ताऱ्यांच्या संदर्भात मागे सरकतो. ताऱ्यांच्या हिशेबाने मोजलेले निरयन वर्ष ऋतूंच्या सायन वर्षापेक्षा सुमारे २० मिनिटांनी मोठे असते. वीस मिनिटे म्हणजे काय, असे वाटेल. पण साधारण ७० वर्षांत त्याचा एक दिवस होतो. स्वामी विवेकानंदांचा जन्म संक्रांतीचा, आणि त्या दिवशी तारीख होती १२ जानेवारी १८६३. आज आपण तिळगूळ वाटतो १४ किंवा १५ जानेवारीला. आणि सूर्य खरोखर उत्तरेकडे वळतो तो २२ डिसेंबरच्या सुमारास! हे अंतर इसवी सनाच्या तिसऱ्या शतकात जवळजवळ शून्य होते.

साहांनी नागरी दिनदर्शिका सरळ सायन केली. चैत्र १ म्हणजे २२ मार्च, लीप वर्षी २१. वैशाख ते भाद्रपद प्रत्येकी ३१ दिवस, कारण उन्हाळ्याच्या त्या अर्ध्या वर्षात सूर्य संथ चालतो. बाकीचे महिने ३० दिवसांचे, फक्त लीप वर्षी चैत्रही ३१ चा. स्वच्छ काम.

धार्मिक पंचांगाशी गाठ पडली तेव्हा मात्र समितीचा हात थोडा थबकला. संपात आणि ताऱ्यांवरून धरलेला राशिचक्राचा आरंभबिंदू यांच्यातल्या अंतराला अयनांश म्हणतात. सौर महिन्यांसाठी त्यांनी ते २३ अंश १५ कला असे कायमचे गोठवायला सांगितले. म्हणजे ऋतू आणि सण यांच्यात जेवढी फारकत पडली आहे तेवढी राहू दे, पुढे वाढू नये. काहींना ही पळवाट वाटते. मला ती शहाणपणाची वाटते. एकदम २३ दिवस मागे या, असे सांगितले असते तर ऐकले कोणी असते? तसे हेही कोणी ऐकले नाहीच. बाजारातली पंचांगे चल, म्हणजे वाढत जाणाऱ्या, अयनांशावरच चालतात.

आपल्याकडे तर हा वाद समितीच्या आधीचा. गणिती केरूनाना छत्र्यांचे पटवर्धनी पंचांग १८६५ चे. पुढे शंकर बाळकृष्ण दीक्षित, लेले, मोडक ही मंडळी सायनाचा झेंडा घेऊन उभी राहिली. दीक्षितांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा १८९६ चा ग्रंथ आजही या विषयाचा पाया मानावा लागतो. निरयनातही राशिचक्र कोणत्या ताऱ्यावरून मोजायचे, हा वाद होताच: टिळकांनी बाजू घेतली रेवतीची, इतर बहुतेकांनी चित्रेची. आरंभबिंदूत जेमतेम चार अंशांचा फरक. पण त्यामुळे काही वर्षी अधिक मास वेगळा पडतो, आणि कोकणात टिळक पंचांग मानणाऱ्या घरात गणपती शेजाऱ्यांच्या महिनाभर आधी बसतो. चार अंशांनी मोदकांची तारीख बदलते, हे शाळेत शिकवले असते तर खगोलशास्त्राला इतके रिकामे बाक दिसले नसते.

राष्ट्रीय दिनदर्शिका २२ मार्च १९५७ ला लागू झाली: १ चैत्र, शके १८७९. कोलकात्याच्या सरकारी खगोल केंद्रातून राष्ट्रीय पंचांग मराठीतही निघते. राजपत्रावर शक दिनांक छापला जातो, आकाशवाणीवर ऐकू येतो. एवढेच नाही, धनादेशावर शक दिनांक घातला तरी बँकांनी तो स्वीकारावा, अशी रिझर्व्ह बँकेची सूचना आहे. करून बघा कोणीतरी. फक्त महिना राष्ट्रीय दिनदर्शिकेतलाच लिहा. भिंतीवरच्या पंचांगातला चैत्र लिहिलात, तर साहा, दप्तरी आणि करंदीकर तिघे मिळूनही तुमचा धनादेश वटवू शकणार नाहीत.