शिरोड्याचे मास्तर

वेंगुर्ले तालुक्यातील शिरोडा हे समुद्रकाठचे गाव मिठागरांसाठी आणि १९३० मध्ये तेथे झालेल्या मिठाच्या सत्याग्रहासाठी ओळखले जाते. मराठी वाचकाला मात्र ते आणखी एका कारणाने जवळचे वाटते. १९२० साली बावीस वर्षांचा एक तरुण येथील शाळेत शिक्षक म्हणून रुजू झाला आणि पुढची अठरा वर्षे येथेच रमला. त्याचे नाव विष्णु सखाराम खांडेकर.

खांडेकरांचा जन्म ११ जानेवारी १८९८ रोजी सांगलीत झाला. मूळचे गणेश आत्माराम दत्तक गेल्यानंतर विष्णु सखाराम झाले. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयातील शिक्षण अर्धवट राहिले आणि त्यांनी कोकणची वाट धरली.

येथे त्यांना दिसले ते समुद्राच्या देखाव्यामागचे दारिद्र्य. शाळेचा व्याप सांभाळून त्यांनी कथा, रूपककथा, लघुनिबंध आणि समीक्षा लिहिली. ‘हृदयाची हाक’, ‘दोन ध्रुव’, ‘उल्का’ या कादंबऱ्याही याच काळातल्या. कला जीवनासाठी असते, ही त्यांची भूमिका. कलेसाठी कला मानणारे ना. सी. फडके त्यांचे प्रतिपक्षी ठरले. गंमत अशी की फडकेही पेशाने प्राध्यापकच होते.

खांडेकरांच्या लेखनात सुभाषितवजा वाक्यांची दाटी होते आणि पात्रे बोलता बोलता उपदेशाकडे वळतात, हा आक्षेप खोटा नाही. मागच्या बाकावरच्या मुलापर्यंतही अर्थ पोहोचलाच पाहिजे, ही मास्तरांची सवय त्यांच्या लेखणीलाही जडली होती. पण त्याच सवयीमुळे त्यांचा शब्द साहित्याच्या वर्तुळाबाहेरच्या घरांत गेला आणि अनुवादांतून तमिळ वाचकांनीही त्यांना आपलेसे केले.

१९३६ मध्ये मास्टर विनायकांच्या ‘छाया’ या बोलपटाची कथा लिहून ते चित्रसृष्टीत आले आणि १९३८ मध्ये शिरोडा सोडून कोल्हापूरला स्थायिक झाले.

पुढे १९५९ मध्ये ‘ययाति’ प्रसिद्ध झाली. महाभारतातील कथा येथे ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा आळीपाळीने आपापल्या तोंडून सांगतात. एकाचे समर्थन दुसऱ्याच्या निवेदनात उघडे पडते, त्यामुळे निवाडा वाचकालाच करावा लागतो. आयुष्यभर अर्थ समजावून सांगणाऱ्या लेखकाने साठीच्या उंबरठ्यावर केलेली ही रचना आम्हांला त्यांची सर्वांत धीट वाटते. तिला १९६० मध्ये साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पुढे १९७४ च्या ज्ञानपीठ पुरस्काराने खांडेकर हा सन्मान मिळवणारे पहिले मराठी साहित्यिक ठरले.

तोपर्यंत त्यांची दृष्टी गेली होती. लिहिण्यासाठी आता दुसऱ्याचा हात लागे आणि मजकूर तोंडी सांगावा लागे. २ सप्टेंबर १९७६ रोजी त्यांचे निधन झाले.