बांधाआतली साचवेळ

नमस्कार श्रोतेहो. अद्भुतकथा लिहिणाऱ्यांना गोष्टीतल्या एखाद्या गावात वेळ मंद करायची असेल, तर ती नेमकी कशी करावी, ते आज पाहू.

पुराणातला ककुद्मी राजा रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी जातो, गायन संपेपर्यंत थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटतात. त्या कथेत एक मोठी सोय आहे. दोन्ही लोक एकमेकांचे शेजारी नाहीत. आपल्या गोष्टीत शेजार आला, की सगळा गोंधळ सीमेवर होतो. म्हणून सीमा ओळखीची घेऊ: खाजनाचा, म्हणजे खाडीकाठच्या सखल शेतजमिनीचा, भरतीचं पाणी अडवणारा बांध.

गोव्यातल्या चोडण, दिवाडीकडच्या लोकांना मानशीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेची, दारं सांगायला नकोत. भरतीच्या दाबाने ती आपोआप मिटतात, सुकती लागली की उघडतात. आपल्या काल्पनिक गावात दारं मिटली की आत पाण्यासारखी वेळ साचते आणि निम्म्या गतीने चालते. हिला साचवेळ म्हणू.

आता हिशेब. एका भरतीपासून दुसरी भरती सुमारे 12 तास 25 मिनिटांनी. त्यातला निम्मा काळ दारं मिटलेली धरली, तर त्या पूर्ण फेरीत आत सुमारे 9 तास 19 मिनिटंच जातात. म्हणजे बाहेरची चार वर्षं ती आतली तीन. जुळ्या भावांपैकी बाहेरचा 24 वर्षांचा झाला, तेव्हा आतला 18 चा.

गंमत इथवर. पुढे भात येतं. 120 दिवसांचं वाण 10 जूनला पेरलं, तर बाहेर ते 8 ऑक्टोबरला कापणीला येईल. आतल्या भाताला बाहेरचे 160 दिवस लागतील, म्हणजे 17 नोव्हेंबर. खाजनातलं मीठ पावसाने धुऊन जातं म्हणून तिथे भात होतं. पाऊस सरला की खारटपणा चढू लागतो, आणि दाणा भरायच्या वेळीच रोपाच्या मुळांशी मीठ. साचवेळेच्या गावात माणसं तरुण राहतील, पण भाताची रास लहान होईल. लेखक बहुतेक वेळा तारुण्याचाच हिशेब करतात!

आवाजाचंही असंच. बाहेर देवळात कुणी मध्य सप्तकातला सा लावला, तर आत तो तार सा होऊन पोचेल आणि ठायीतलं, म्हणजे संथ लयीतलं, भजन दुगुनीत, दुप्पट लयीत, ऐकू येईल. आतली हाक बाहेर मंद्रात आणि लांबलेली. प्रकाशाला मात्र नियमातून सूट द्यावी. नाहीतर आतला 400 ते 700 नॅनोमीटरचा दृश्य प्रकाश बाहेर दुप्पट तरंगलांबीचा होईल, आणि तो डोळ्यांना दिसणारच नाही. सूट सुरुवातीलाच एका वाक्यात सांगून टाका. मधेच दिलेली सूट वाचक माफ करत नाही.

साचवेळ मोजायला घड्याळापेक्षा घटिकापात्र बरं. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, 24 मिनिटांत बुडणारी. जोडी घ्या. दोन्ही आधी बांधाबाहेर एकत्र बुडवून तपासा, मग एक आत न्या. दारं मिटताच दोन्ही एकदम सोडा. बाहेरची वाटी दुसऱ्यांदा बुडेल, तेव्हा आतली पहिल्यांदा बुडायला हवी. इथे दोन चुका होतात. भोकात गाळ अडकला की वाटी उगाच उशिरा बुडते. आणि एकीकडे खारं, दुसरीकडे गोडं पाणी घेतलं, तर खारं जड असल्याने तीच वाटी त्यात जास्त तरंगते. दोन्हीकडे एकाच विहिरीचं पाणी वापरा. तरीही संशय राहिला तर वाट्यांची अदलाबदल करा: उशीर वाटीबरोबर गेला तर दोष वाटीचा, जागेवर राहिला तर साचवेळ खरी.

आणि बांधावर, एक पाय आत सोडून, कुणाला बसवू नका. हृदय बाहेरच्या गतीने रक्त पाठवत राहील, पाय ते निम्म्या गतीने परत करेल. दारं उघडेपर्यंत सहा तास.