रुबांगा कोण?

साल १९११. उत्तर युगांडात, अचोली लोकांच्या मुलखात, इटलीहून आलेल्या मिशनऱ्यांनी गावातल्या जाणत्या माणसांना विचारलं, ‘तुम्हाला निर्माण कोणी केलं?’

अचोली भाषेत ‘निर्माण करणं’ असा वेगळा शब्दच नव्हता. मग प्रश्न झाला, ‘तुम्हाला घडवलं कोणी?’ म्हाताऱ्यांना तोही उमजेना. माणूस आईच्या पोटी येतो, त्याला घडवायचं काय? पण विचारणारे हटेनात. शेवटी एकाला आठवलं, धडधाकट माणसाला मणक्याचा क्षय झाला की कुबड येतं, शरीराचा घाटच बदलतो. हे काम रुबांगाचं. रुबांगा म्हणजे पाठीला कुबड आणणारा दुष्ट आत्मा. म्हातारा म्हणाला, ‘रुबांगा घडवतो.’

मिशनऱ्यांनी तेच नाव आपल्या देवाला दिलं. अचोली प्रार्थनेत ते आजही आहे.

हा प्रसंग लिहून ठेवला कवी आणि अभ्यासक ओकोट प’बिटेक यांनी. जन्म १९३१, गुलू. आई गाणारी, नाचणारी. युगांडाच्या फुटबॉल संघातून ते ब्रिटनला गेले आणि शिकायला तिथेच राहिले. ऑक्सफर्डला पहिल्याच व्याख्यानात आफ्रिकेची माणसं ‘रानटी’, ‘आदिम’ ठरलेली ऐकली. ओकोट यांनी हरकत घेतली. कोणी दखल घेतली नाही.

मग १९६६ मध्ये आली ‘साँग ऑफ लविनो’ ही दीर्घ कविता. लविनोचा नवरा ओकोल शिकलेला. बायको त्याला अडाणी वाटते, त्याचा जीव ओठ रंगवणाऱ्या क्लेमेंटाइनवर. लविनो त्याला खडसावते. घरातल्या घड्याळाचंच घ्या. ओकोलला सगळं वेळेवर हवं. ती म्हणते, बाळ रडलं की पाजायचं, त्याला कसली आलीय वेळ?

ओकोट यांना जुन्याचे भक्त म्हणणारे पुष्कळ. मला ते पटत नाही. लविनो नवऱ्याला म्हणते, ‘परक्यांच्या चालीरीती मला कळत नाहीत, पण मी त्यांना नावं ठेवत नाही.’ ‘मग तू आपल्या का तुच्छ मानतोस?’ एवढंच ती विचारते.

ओकोट यांनी सरकारवर टीका केली आणि युगांडाच्या राष्ट्रीय सांस्कृतिक केंद्राचं संचालकपद गेलं. बरीच वर्षं नैरोबीत काढून ते युगांडातल्या मकेरेरे विद्यापीठात परतले आणि १९८२ मध्ये गेले.

लविनोच्या तोंडी एक अचोली म्हण पुन्हा पुन्हा येते: जुन्या घराच्या परसातला भोपळा उपटू नये. बिऱ्हाड खुशाल नव्या जागी न्यावं. मागे राहिलेला वेल कोणाच्या वाटेत येत नाही, आणि त्याला भोपळे लागतच असतात.